आडनाव कोणी लिहिले?

अशोक सराफ, दीनानाथ दलाल, द. मा. मिरासदार, जयराम शिलेदार. एक नट, एक चित्रकार, एक विनोदी कथाकार, एक संगीत रंगभूमीवरचे गायक. चौघांच्याही आडनावाच्या मुळाशी अरबी शब्द आहे. सर्राफ म्हणजे नाणी पारखणारा आणि मोडून देणारा. या आडनावाची घराणी अरबी मुलुखात आजही आहेत. दल्लाल म्हणजे सौदा जुळवणारा. मीरास म्हणजे वाडवडिलांकडून आलेला हक्क, आणि ज्या धातूतून तो शब्द निघाला त्याच धातूतून आपला ‘वारस’ही निघाला. सिलाह म्हणजे शस्त्र. त्याला फारसी ‘दार’ लागून स्वतःचे घोडे-हत्यार घेऊन चाकरीवर येणारा शिलेदार झाला. आता पाचवे नाव घ्या. हमीद दलवाई. चिपळूणजवळच्या मिरजोळीत 1932 साली जन्मलेले, 1970 साली मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन करणारे. त्यांचे आडनाव मात्र ‘दळ’ या संस्कृत मुळाच्या शब्दातून आलेले, सैन्यातल्या हुद्द्याचे. ब्राह्मण मिरासदारांचे आडनाव अरबी आणि मुसलमान दलवाईंचे संस्कृत, अशी ही मांडणी आहे, आणि ती अपवादाने झालेली नाही.

आडनाव ऐकले की आपण माणसाची जात, धर्म, मूळ मुलूख, कधी कधी निष्ठासुद्धा ठरवून मोकळे होतो. माझे म्हणणे असे की आडनाव बहुतेक वेळा रक्ताची साक्ष देत नाही. ते कोणत्या तरी दफ्तरात, कोणत्या तरी लेखणीने, कोणत्या तरी सोयीसाठी लिहिले गेलेले असते. ज्याच्याकडे लेखणी होती त्याने आपले आडनाव स्वतः घडवले. ज्याच्याकडे नव्हती त्याला ते मिळाले. ही गोष्ट पुण्या-मुंबईत बसून नुसती चर्चेपुरती वाटेल. पालघर जिल्ह्यातल्या मोखाडा तालुक्यात, पोशेऱ्यासारख्या गावात, तिच्यावर मुलांचे शिक्षण आणि नोकरी अवलंबून आहे. म्हणून अरबी आडनावांच्या या विषयाला मी पोशेऱ्यापर्यंत नेणार आहे.

आधी अरबांकडेच पाहू. आपण ज्याला आडनाव म्हणतो ती चीज त्यांच्याकडे शतकानुशतके नव्हती. माणसाचे एक स्वतःचे नाव असे. त्यापुढे ‘इब्न’ लावून बापाचे, आजोबाचे, पणजोबाचे नाव येई. मुलगा झाला की बापाला ‘अबू अमका’, आईला ‘उम्म अमका’ म्हणत. नावापेक्षा ते जास्त आदराचे. कोणाला गुणावरून वा व्यंगावरून उपाधी चिकटे. आणि शेवटी गाव, टोळी, पंथ किंवा पूर्वज सांगणारा शब्द, ज्याच्या अखेरीस ‘ई’ येतो: ख्वारिज्मचा तो अल्-ख्वारिज्मी, बगदादचा तो बगदादी. आपल्याकडे ‘कर’ लागून जे काम होते तेच हे. पण आपला नागपूरकर तीन पिढ्या कोल्हापुरात राहिला तरी नागपूरकरच राहतो. जुन्या अरबी रिवाजात मात्र माणूस गाव बदलला की हे शेवटचे पदही बदलू शके, किंवा एकाला दोन-तीन लागत. आजही इजिप्तमध्ये पुष्कळांच्या नावात ठरलेले कुलनाम नसते. नाव, बापाचे नाव, आजोबाचे नाव, झाले. धंद्यावरून आलेली नावे तिकडे जी पक्की झाली तीही पाहण्यासारखी आहेत. हद्दाद म्हणजे लोहार, नज्जार म्हणजे सुतार, खय्यात म्हणजे शिंपी. लेबनॉनमध्ये हद्दाद ख्रिस्ती आहेत आणि मुसलमानही आहेत. ऐरण दोघांकडे होती, एवढेच त्या नावावरून कळते.

या वाहत्या नावांना बांध घातला तो आधुनिक सरकारांनी. अल्जीरियात फ्रेंचांनी 1882 साली कायदा करून प्रत्येकाला कुलनाम घ्यायला लावले. जमिनी कोणाच्या, कर कोणाकडून घ्यायचा, सैन्यात कोणाला ओढायचे हे कागदावर पकडता यावे हा हेतू होता. ज्यांनी नाव सांगितले नाही त्यांच्यापुढे तीन फ्रेंच अक्षरे लिहिली गेली. अर्थ एवढाच की कुलनाम नाही. ती अक्षरेच पुढे कित्येकांच्या नावाचा भाग होऊन बसली. तुर्कस्तानात 1934 च्या कायद्याने सगळ्यांना आडनाव सक्तीचे झाले आणि मुस्तफा कमाल अतातुर्क झाले. इराकमध्ये उलटे घडले. 1970 च्या दशकात बाथ पक्षाच्या राजवटीने टोळी किंवा गाव सांगणारे शेवटचे नाव वापरायला बंदी केली. सत्तेवरची बरीच मंडळी एकट्या तिक्रीत भागातली होती, सद्दाम हुसेन हेही त्यांतले. सगळ्यांच्या नावाअखेरी ‘अल्-तिक्रीती’ दिसणे राज्यकर्त्यांना परवडणारे नव्हते. नाव द्यायला लावणारे सरकार आणि नाव पुसायला लावणारे सरकार, दोघांनाही हवी होती ती नोंदीवरची सत्ता.

आपल्या किनाऱ्याची गोष्ट याहून जुनी. इ. स. 916 च्या सुमारास मसूदी नावाचा अरब प्रवासी चौलला आला. त्याचे स्वतःचे ‘मसूदी’ हे नाव अब्दुल्ला इब्न मसूद या पूर्वजावरून पडलेले. चौलमध्ये त्याला सुमारे दहा हजार मुसलमान आढळले. त्यांत सिराफचे, ओमानचे, बसऱ्याचे, बगदादचे लोक होते आणि इथेच जन्मलेलेही होते. म्हणजे इतक्या गावांची नावे घेऊन माणसे कोकणात उतरत होती आणि पुढच्या पिढ्या इथल्या मातीत मिसळत होत्या. आज कोकणी मुसलमानांत राजापूरकर आहेत, देशमुख आहेत, चौगुले आहेत. गावावरून नाव घ्यायची चाल अरबांकडेही होती आणि मराठीतही होती. बसऱ्याच्या जागी राजापूर आले तेव्हा चाल तीच राहिली.

पण मला सर्वांत मोलाचा वाटतो तो डहाणू तालुक्यातल्या चिंचणी गावी सापडलेला ताम्रपट. शके 848, म्हणजे इ. स. 926. राष्ट्रकूट राजा तिसरा इंद्र याच्या काळातला हा लेख. त्यात संजाण मंडलाचा कारभार पाहणाऱ्या अधिकाऱ्याचे नाव येते मधुमती. तो ‘ताजिक’ आहे, म्हणजे त्या काळच्या भाषेत अरब, आणि त्याच्या बापाचे नाव ‘सहियारहार’ असे दिले आहे. अभ्यासकांनी या नावांमागे मुहम्मद आणि शहरयार ओळखले आहेत. या मधुमतीने नदीवर फुकट तरी चालवल्या, अन्नछत्र घातले आणि एका ब्राह्मणाने उभारलेल्या देवीच्या मठाला गावाचे दान दिले. ताम्रपट लिहिणाऱ्या पंडिताला ‘मुहम्मद’ संस्कृतात बसवायचे होते. त्याने जवळचा ध्वनी शोधून मधुमती केले. त्या माणसाला घरी, मशिदीत, गलबतावर मधुमती म्हणून कोणी हाक मारली असेल असे मला वाटत नाही. पण अकराशे वर्षांनी आपल्यापर्यंत तो पोचला तो याच नावाने, कारण तांब्यावर तेवढेच कोरले गेले. आजच्या पालघर जिल्ह्यातला हा पुरावा आहे, आणि आडनावांच्या साऱ्या वादात मी पहिल्यांदा तोच पुढे ठेवीन.

किनारा सोडून घाटाकडे चढले की जव्हार लागते. इथे महादेव कोळ्यांचे मुकणे घराणे सहाशे वर्षे राज्य करत होते. जुन्या ठाणे गॅझेटियरात नोंद आहे की या घराण्यातल्या जयबाचा मुलगा निमशाह याला 1343 साली दिल्लीच्या सुलतानाने पदवी दिली, आणि त्या वर्षीच्या 5 जूनपासून जव्हारने स्वतःचा शकच सुरू केला. पुढे या घराण्यात विक्रमशाह झाले, पतंगशाह झाले. ‘शाह’ हा शब्द फारसी. तो धारण करणारे राजे आदिवासी. शेवटचे राजे यशवंतराव मुकणे पुढे लोकसभेवरही निवडून गेले. आणि याच मुकणे आडनावाची माणसे ठाणे, पालघर, रायगडच्या कातकरी वाड्यांवरही भेटतात, ज्यांच्या नावे गुंठाभर जमीन नसते. एक आडनाव जयविलास राजवाड्यात आणि तेच कारवीच्या कुडाच्या झोपडीत. ‘मुकणे’ एवढ्या अक्षरांवरून कोण राजा, कोण कातकरी, कोण महादेव कोळी हे ज्याला ओळखता येईल त्याने खुशाल आडनावावरून माणूस ओळखावा.

आता दफ्तराकडे वळू, कारण मराठीतली अरबी-फारसी आडनावे मुख्यतः तिथे जन्मली. बहमनी आणि पुढे निजामशाही, आदिलशाहीच्या कचेऱ्यांत हिशेब आणि पत्रव्यवहार मराठी माणसेच पाहत होती, पण कामांची नावे अरबी-फारसी होती. एकूण जमाबंदी ठेवणारा मुजुमदार. ‘मज्मू’ म्हणजे गोळा केलेले. घडलेल्या गोष्टी टिपणारा वाकनीस. ‘वाकिया’ म्हणजे घटना. जमेची बाजू लिहिणारा जमेनीस. हवाल्यातली चीज सांभाळणारा हवालदार, किल्ला राखणारा किल्लेदार, सुभ्याचा सुभेदार, इनाम खाणारा इनामदार. ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा, हा शेवट फारसी. तो झिजून मराठीत ‘नीस’ झाला आणि मराठी चिठ्ठीलाही लागून चिटणीस तयार झाला. नाना फडणीस यांचे घराणे मूळ भानू, कोकणातल्या वेळासचे. ‘फर्द’ म्हणजे हिशेबाचा कागद, तो लिहिणारा फर्दनवीस, अशी फडणीस शब्दाची व्युत्पत्ती सांगतात. पेशव्यांकडे ते काम या घराण्याकडे वंशपरंपरेने आले आणि नानांचे बाळाजी जनार्दन भानू हे मूळ नाव आज फक्त इतिहासाच्या विद्यार्थ्याला माहीत असते. हुद्द्याने कुळाचे नाव गिळले. अशी शेकडो घराणी महाराष्ट्रात आहेत.

इथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. 1674 च्या राज्याभिषेकाच्या वेळी शिवाजी महाराजांनी ही पदनावे जाणीवपूर्वक बदलली. मुजुमदार अमात्य झाला, वाकनीस मंत्री, सुरनीस सचिव, डबीर सुमंत, सरनौबत सेनापती. रघुनाथपंत हणमंते यांच्याकडून राजव्यवहारकोश करवून घेतला. कारभाराची भाषा खरोखर पालटली. इतिहासकार राजवाड्यांनी तीन काळांतली पत्रे घेऊन शब्द मोजले होते: 1628 च्या पत्रात मराठी शब्द शेकडा सुमारे 14, 1677 च्या पत्रात सुमारे 62, 1728 च्या पत्रात सुमारे 93. एवढे मोठे स्थित्यंतर झाले, पण मुजुमदार मुजुमदारच राहिले आणि डबीर डबीर. विसाव्या शतकात भाषाशुद्धीची चळवळ आली, सावरकरांनी ‘महापौर’ आणि ‘दिनांक’ दिले, तरी कोणा चिटणिसाने आडनाव टाकल्याचे ऐकिवात नाही. ते योग्यच झाले असे माझे मत आहे. त्या शब्दांत त्या घराण्यांच्या दहा पिढ्यांची लेखणी आहे. फडणीस हे नाव लावल्याने कोणी कमी मराठी झाला नाही. मग हाच न्याय काझी, खतीब, अत्तार, नदाफ, मोमीन या आडनावांना का लागू नये? काझी म्हणजे न्याय देणारा, खतीब म्हणजे प्रवचन करणारा, अत्तार सुगंधी द्रव्ये विकणारा, नदाफ कापूस पिंजणारा. हेही हुद्दे आणि धंदे, याच गावगाड्यातले. एका अरबी शब्दाला आपण घराण्याचा मान समजतो आणि दुसऱ्या अरबी शब्दाकडे परका म्हणून पाहतो, ही सरळसरळ अन्यायाची गोष्ट आहे.

आता या दफ्तरी आडनावांची यादी घेऊन मोखाड्यात या. वारली, कोकणा, क-ठाकर, महादेव कोळी, कातकरी यांचा हा तालुका. भोये, वारघडे, झुगरे, महाले, मुकणे अशी आडनावे ऐकू येतील. मुजुमदार, वाकनीस, जमेनीस, इनामदार इथल्या पाड्यांवर शोधून सापडायचे नाहीत. कारण उघड आहे. ती आडनावे लेखणी आणि सनद यांच्याबरोबर आली, आणि डोंगरातल्या साध्या माणसाच्या हाती दोन्ही कधी लागल्या नाहीत. मराठीतली अरबी आडनावे म्हणजे परकीय आक्रमणाच्या खुणा असे ज्यांना वाटते त्यांनी हे ध्यानात घ्यावे: ती कोणाकडे सत्ता होती आणि कोणाकडे नव्हती याचा नकाशा आहेत.

अरबी शब्द पोशेऱ्यातही पोचले, पण वेगळ्या वाटेने. ‘मुकद्दम’ म्हणजे पुढे असलेला. जुन्या फारसी कागदांत गावच्या पाटलाला मुकद्दम म्हणत, आणि मुकादम हे आडनाव महाराष्ट्रात हिंदूंत आहे, मुसलमानांत आहे, पारश्यांतही आहे. मोखाड्यात मात्र मुकादम म्हणजे भातकापणी संपली की पाड्यावर येणारा माणूस. तो बयाणा हातावर ठेवतो आणि दिवाळीनंतर कुटुंबेच्या कुटुंबे भिवंडी, वसईकडच्या वीटभट्ट्यांवर नेतो. बयाणा हाही अरबी मुळाचा, ‘बै’ म्हणजे विक्री. कोणाच्या वाट्याला हा शब्द आडनाव म्हणून येतो आणि कोणाच्या वाट्याला कर्ज म्हणून.

इथली जुनी माणसे अरबांसारखीच, स्वतःच्या आणि बापाच्या नावाने ओळखली जात. सोमवारी जन्मला तो सोम्या, मंगळवारचा तो मंगळ्या. पुढे बापाचे नाव, पाड्याचे नाव. आडनाव पक्के झाले ते शाळेत. प्राथमिक शाळेतले दाखल-खारीज रजिस्टर उघडून पाहा. दाखल आणि खारीज, आत येणारा आणि बाहेर जाणारा, दोन्ही शब्द अरबीच. रकाने ठरलेले: अनुक्रमांक, विद्यार्थ्याचे पूर्ण नाव, आईचे नाव, धर्म, जात, जन्मस्थळ, जन्मतारीख, आधीची शाळा, शाळा सोडल्याचे कारण. जूनच्या पावसात पाच-सहा वर्षांच्या पोराला घेऊन आई किंवा आजा येतो, लिहिता येत नसते, तो तोंडाने सांगतो आणि गुरुजी लिहितात. एका भावापुढे आडनाव लिहिले जाते, दुसऱ्यापुढे बापाच्या नावानंतर पाड्याचे नाव पडते, तिसऱ्यापुढे ‘ठाकर’ ऐवजी ‘ठाकूर’. त्या क्षणी कोणालाच त्यात काही वावगे वाटत नाही.

वावगे पुढे ठरते, पंधरा वर्षांनी, जात पडताळणी समितीपुढे. ही समित्यांची व्यवस्था सर्वोच्च न्यायालयाच्या 1994 च्या माधुरी पाटील निकालातून उभी राहिली. तो खटला महादेव कोळी जमातीच्या दाव्याचाच होता. पुढे राज्याचा कायदाही झाला. हेतू रास्त होता. खऱ्या आदिवासींच्या जागा बनावट दाखले घेऊन बळकावल्या जात होत्या आणि त्याची झळ मोखाड्या-जव्हारलाच बसत होती. ही लूट थांबलीच पाहिजे, यात मला तिळमात्र शंका नाही. पण चौकशीत रूढी, दैवते, बोली यांच्या जोडीने आडनावही तपासले जाते, आणि तिथे ते डगमगते. ठाकूर हे अनुसूचित जमातीच्या यादीतले नाव आहे. रवींद्रनाथांचेही तेच आडनाव आणि उत्तरेतल्या जमीनदारांचेही तेच. पाटील तर कोणाचेही असू शकते. 24 मार्च 2023 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ठाकूर जमातीच्याच प्रकरणात सांगितले की आप्तभाव चाचणी, म्हणजे रूढी-दैवतांवरून जमातीशी नाते तपासणे, ही अंतिम कसोटी नव्हे, आणि राज्यघटनेच्या आधीच्या जुन्या कागदांना अधिक वजन द्यावे. निकाल चांगला आहे. पण 1950 पूर्वीचा कागद पोशेऱ्यातल्या माणसाने आणायचा कुठून? ज्यांच्या आज्याच्या हातात फर्द होती त्यांच्याकडे कागदांची बोचकी आहेत. ज्याचा आजा दुसऱ्याच्या शेतात वेठीला होता त्याच्याकडे आठवण आहे, कुळाचा देव आहे, लग्न लावणाऱ्या धवलेरीने म्हटलेली गाणी आहेत. लेखणीची जुनी विषमता अशी थेट आजच्या पडताळणीत उतरते.

कोणी म्हणेल, आडनावात एवढे काय आहे, टाकून द्या. काही तरुण तसे करतातही, आणि जातीचा जाच भोगलेल्यांनी केले तर मी त्यांच्या बाजूचा आहे. पण इथे नाव टाकणे म्हणजे असलेला तुटपुंजा पुरावाही घालवणे. शिवाय सरकार नावाची घडण बदलू शकते हे आपण नुकतेच पाहिले: 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात महाराष्ट्राने आईचे नाव सक्तीचे केले, तेही बापाच्या नावाआधी. पिढ्यानपिढ्यांची रीत एका शासन निर्णयाने बदलते, तर नोंदवहीतले आडनाव म्हणजे कुळाचा शिलालेख असे मानण्याचा आग्रह अधिकाऱ्यांनी तरी का धरावा?

म्हणून मागणी दोनच गोष्टींची आहे. समितीने आडनाव जुळत नाही एवढ्यावरून दावा संशयास्पद ठरवू नये. ते कोणी, कधी, कोणाच्या सांगण्यावरून लिहिले हे आधी पाहावे. आणि मोखाडा-जव्हारमधल्या शिक्षकांनी, ग्रामसेवकांनी, शिकलेल्या पोरांनी आपल्या पाड्यावरच्या म्हाताऱ्या माणसांकडे आत्ताच बसावे. कुळ कोणते, देव कोणता, मूळ पाडा कोणता, आज्याला काय म्हणत, आजी कुठल्या कुळाची, हे त्यांच्या तोंडून ऐकून तारखेसह उतरवून घ्यावे, आणि पुढच्या जूनमध्ये पहिलीत येणाऱ्या मुलाचे आडनाव रजिस्टरात लिहिण्यापूर्वी ते घरच्या वडीलधाऱ्यांना एकदा मोठ्याने वाचून दाखवावे. नंतरच्या दुरुस्तीला शिक्षणाधिकाऱ्यांची परवानगी लागते, आणि तोवर सांगणारी माणसे राहत नाहीत.